मदत हवी आहे: भाच्याला ब्रिटनमध्ये असायलमचा (मायदेशात जिवाला धोका म्हणून आश्रय मागायचा) अर्ज करायला सांगताहेत

नमस्कार मंडळी, मी कोल्हापुरातल्या राजारामपुरीतून लिहितोय. माझा भाचा कागल तालुक्यातला. लेस्टरला एमएस्सी करून ग्रॅज्युएट व्हिसावर (शिक्षणानंतर तिथं राहून काम करायचा व्हिसा) राहिलाय आणि तो व्हिसा आता संपत आलाय. दाजींनी उसाचं रान गहाण टाकून त्याला पाठवलंय. तिथला एक एजंट म्हणतो, असायलमचा अर्ज टाक, निकाल लागेपर्यंत कोण हात लावत नाही.

मला हे अजिबात पटत नाही. २०२४ मध्ये तिथं १ लाख ८ हजारांवर लोकांनी आश्रय मागितला. त्यात शिक्षणाच्या, कामाच्या व्हिसावर आलेलेही बरेच होते, त्यामुळं सरकारची नजर आता अशाच पोरांवर आहे. भारतीयांचे अर्ज तर फार थोडे मंजूर होतात. शिवाय आश्रय मागणाऱ्यांना सहसा वर्षभर तरी कामाची परवानगी मिळत नाही, मग कर्जाचा हप्ता कशातून भरणार? आणि ज्यांच्या खरंच जिवावर बेतलंय त्यांच्यासाठी ही सोय आहे. खोटी कहाणी रचून पोरानं ती वापरू नये, असं मनापासून वाटतं.

दुसरा मार्ग म्हणजे स्किल्ड वर्कर व्हिसा, म्हणजे तिथल्या कंपनीनं नोकरी देऊन स्पॉन्सर करायचा. त्यासाठी जुलै २०२५ पासून पगाराची अट सर्वसाधारणपणे ४१,७०० पौंड झाली. नवख्यांना थोडी सूट आहे, तरी स्पॉन्सर करणारी कंपनी मिळेना.

आपल्या भागातलं कुणी यातून गेलंय का? इमिग्रेशन ॲडव्हाइस ऑथॉरिटीकडं (व्हिसा सल्लागारांची नोंद ठेवणारी तिथली सरकारी संस्था) नोंद असलेला सल्लागार किती फी घेतो? मुदतीत परत येऊन पुढं पुन्हा व्हिसा मिळालेलं कुणी असेल तर जरूर सांगा. ताईला झोप नाही.