कंडरादाह, कंडराझीज की कंडराविकार?

टेंडनला, म्हणजे स्नायूला हाडाशी जोडणाऱ्या चिवट दोरीला, कंडरा हा शब्द आपल्याकडे आहेच, सुश्रुतसंहितेतही सोळा कंडरा सांगितल्यात. बोलताना मात्र सगळ्यालाच शीर म्हणतात, त्यात रक्तवाहिनीही आली नि नसही आली, म्हणून आजाराबद्दल लिहिताना शीर नकोच.

खरा घोळ दुखण्याच्या नावाचा आहे. टेंडनायटिस म्हणजे कंडरादाह, शब्दाला शब्द बरोबर (दाह म्हणजे प्रतिकारपेशी जमून येणारी सूज). पण जुनाट दुखण्यातला कंडरेचा तुकडा मायक्रोस्कोपखाली बघितला तर नेहमीच्या दाहातली न्यूट्रोफिल या पांढऱ्या पेशींची गर्दी दिसत नाही, दिसतात ते कोलॅजनचे, म्हणजे कंडरा ज्या प्रथिनाची बनते त्याचे, विस्कटलेले धागे, मजबूत टाइप १ च्या जागी वाढलेलं बारीक टाइप ३, गोलसर झालेल्या कंडरापेशी, आणि एरवी रक्तपुरवठा कमी असलेल्या जागी घुसलेल्या नव्या केशवाहिन्या, त्यांच्या सोबतीने मज्जातंतूसुद्धा. म्हणून टेंडिनोसिस, म्हणजे दाहाविना कंडरा बिघडणं, हा शब्द आला नि मराठीत लोक सर्रास ‘झीज’ लिहायला लागले.

मला झीज अजिबात पटत नाही. चाकाचा टायर झिजतो तसं हे नुसतं घासून होत नाही हो, कंडरापेशी यात स्वतः कामाला लागलेल्या असतात, ताण झेपेनासा झाला की कोलॅजन तोडणारी एन्झाइम्स सोडतात, इंटरल्युकिन-६ सारखे रासायनिक निरोप धाडतात, मग मॅक्रोफेज आणि मास्ट सेल या प्रतिकारपेशी येतात, इंटरल्युकिन-३३ मुळे टाइप ३ आणखी वाढतं. मॅक्रोफेजनी आधी कचरा उचलायचा आणि नंतर दुरुस्तीकडे वळायचं असतं, ते वळणं नीट झालं नाही की दुखणं रेंगाळतं. म्हणजे प्रतिकारयंत्रणा यात आहेच, फक्त गाजावाजा न करता.

शब्दाचा परिणाम उपचारावर होतो म्हणून एवढं लिहितोय. दाह म्हटलं की लोक स्टेरॉइडचं इंजेक्शन मागतात, टेनिस एल्बोमध्ये (कोपराच्या बाहेरच्या बाजूच्या कंडरेचं दुखणं) त्याने काही आठवडे बरं वाटतं पण वर्षभराने तेच लोक इंजेक्शन न घेतलेल्यांपेक्षा मागे राहतात. झीज म्हटलं की घाबरून हालचालच बंद करतात, आणि कंडरेला तर हळूहळू वाढवत नेलेला भार हवा असतो. २०१९ मध्ये तज्ज्ञांनी सहमतीने टेंडिनोपथी हाच शब्द धरला, त्याला कंडराविकार चपखल बसतो.

दाह हा शब्द फेकून मात्र देऊ नका. अँकिलोजिंग स्पॉन्डिलायटिस या पाठीच्या कण्याच्या संधिवातात कंडरा हाडाला चिकटते तिथे खराखुरा दाह असतो, इंटरल्युकिन-१७ अडवणारी औषधं तिथे लागू पडतात, त्याला कंडराविकार म्हणून मोकळं होणं चूक ठरेल.