विषय: [भाषा दिन] ॲलन पेज चालेल का? पत्रिका गुरुवारी रात्री छपाईला जातेय

प्रेषक: सचिव
मंगळ, 18 फेब्रुवारी 2025, रात्री 9:12

मंडळी,
वक्तृत्वाची अकरापैकी दहा नावं पक्की झाली. अकरावं अडलंय. साउथ मिनियापोलिसच्या लेकीनं (सातवी, जस्टिस पेज मिडल स्कूल) विषय दिलाय: ॲलन पेज, आपल्या मिनेसोटाचे अमेरिकन फुटबॉलपटू, पुढे न्यायमूर्ती. आपला नियम क्र. 3 म्हणतो 'महाराष्ट्रातील थोर व्यक्ती'. शाळेच्या ताई म्हणतात चालेल. मी म्हटलं, आधी विचारून घेऊ, नाहीतर परत त्या साबुदाण्यासारखं व्हायचं. फक्त 'हो' किंवा 'नाही' कळवा. लांबण लावू नका, प्लीज. 1 मार्चला कार्यक्रम आहे.

सचिव

——

प्रेषक: नाना
मंगळ, रात्री 9:31

नाही.

नियम मी लिहिला आहे आणि का लिहिला ते जुन्यांना ठाऊक आहे. ज्या वर्षी एका चिरंजीवांनी बॅटमॅनवर भाषण ठोकून पहिलं बक्षीस नेलं, त्याच्या पुढच्या बैठकीत तो आला. पोरं वर्षभर इकडचंच ऐकतात. एक दिवस, चार मिनिटं तरी आगरकर, कर्वे, सावित्रीबाई त्यांच्या तोंडी येऊ देत. मुलीवर राग नाही. तिला दुसरा विषय द्या, टिपणं मी काढून देतो.

शिवाय पेज म्हणजे तोच ना, जो चेंडू घेऊन उलट्या बाजूला पळत सुटला होता? तो थोर?

नाना

——

प्रेषक: अण्णा (ब्लूमिंग्टन)
मंगळ, रात्री 9:58

नाना, अहो काय हे! उलटा पळाला तो जिम मार्शल. 25 ऑक्टोबर 1964, सॅन फ्रान्सिस्कोत. चांगला 66 यार्ड पळाला. पेज तेव्हा कॉलेजात होता, वायकिंग्जमध्ये, म्हणजे आपल्या मिनेसोटाच्या टीममध्ये, आला 1967 ला. आणि मार्शललाही हसू नका, ती मॅच वायकिंग्जच 27-22 नी जिंकले होते. त्याच मार्शलनं एकही मॅच न चुकवता ओळीनं 282 मॅच खेळल्या. आपल्यात ओळीनं तीन बैठकांना येणारा माणूस दाखवा.

मी या लोकांना डोळ्यांनी पाहिलंय. 1976 चा डिसेंबर, मला इथे येऊन चार महिने झालेले. ऑफिसातल्या एकानं मेट स्टेडियमला नेलं. आज जिथे मॉल ऑफ अमेरिका आहे, तीच जागा. आपली नातवंडं त्या आतल्या पाळण्यांत किंचाळतात ना, तिथेच मैदान होतं. छप्पर नाही, काही नाही. अंगात आईनं विणलेला स्वेटर आणि वरून उसना कोट. हातातल्या कॉफीवर बर्फाची साय धरली. समोरच्या टीमच्या बाकाजवळ हीटर पेटलेले आणि आपल्याकडे कोच बड ग्रँटची सक्त ताकीद: हीटर नाही! त्या थंडीत पुढच्या फळीतले चौघे नुसते वाफा सोडत उभे. एलर, लार्सन, पेज, मार्शल अशी ती मूळ फळी. लार्सन तोवर निवृत्त झाला होता, पण बाकीचे तिघे होते. पंचेचाळीस-पन्नास वर्षं झाली, अजून त्या वाफा दिसतात.

माझं 'हो'.

अण्णा

——

प्रेषक: खजिनदार
बुध, 19 फेब्रुवारी, सकाळी 7:05

ट्रॉफ्या अकरा सांगितल्यात. दहा केल्या तरी पैसे अकराचेच जाणार. बाकी माझं काही मत नाही.

——

प्रेषक: ताई (मराठी शाळा)
बुध, दुपारी 12:20

नाना, बॅटमॅन खरा नव्हता. हे गृहस्थ खरे आहेत आणि तुमच्या-आमच्या गावात राहतात.

मुलीनं हा विषय कुठून काढला तेही ऐका. तिच्या शाळेला आधी अलेक्झांडर रॅमझीचं नाव होतं. हा तो गव्हर्नर, ज्यानं 1862 मध्ये इथल्या मूळ डकोटा लोकांना संपवा नाहीतर राज्याबाहेर हाकला असं जाहीर सांगितलं. शाळेतल्या मुलांनीच ते नाव बदलायचं मनावर घेतलं आणि 2017 पासून शाळा पेज यांच्या नावानं चालते. रोज ज्या दारातून आत जाते, त्या दारावरच्या माणसाबद्दल तिला बोलायचंय. मी 'नाही' कशी म्हणू?

आणि माझं वैयक्तिक. मी ट्विन सिटीज मॅरेथॉन धावले तेव्हा (हो, एकदाच, गुडघा अजून आठवण काढतो) रस्त्याकडेला एक धिप्पाड माणूस अंगाभोवती ते भलंमोठं पितळी सूझाफोन गुंडाळून फुंकत उभा होता. मला वाटलं बँडवाला असेल. पुढे गेल्यावर बरोबरच्या बाईनं सांगितलं, अगं, सुप्रीम कोर्टाचे न्यायमूर्ती! धावणाऱ्यांना जोर यावा म्हणून येतात. स्वतःही धावायचे. 1979 मध्ये, फुटबॉल खेळत असतानाच, त्यांनी मॅरेथॉन पुरी केली.

ताई

——

प्रेषक: नाना
बुध, दुपारी 1:02

मॅरेथॉन धावणं म्हणजे थोरवी असेल तर ताई, तुमच्यावरही भाषण ठेवायला हवं.

मुद्दा 'महाराष्ट्रातील' या शब्दाचा आहे. त्यावर कुणीच बोलत नाही.

——

प्रेषक: अण्णा (ब्लूमिंग्टन)
बुध, दुपारी 1:15

भारतीय संबंध हवा असेल तर आहे. 2020 मध्ये पेज आणि फेडरल रिझर्व्ह बँकेचे नील काश्कारी या दोघांनी मिळून राज्याच्या घटनेत दुरुस्ती सुचवली होती: चांगलं सरकारी शिक्षण हा प्रत्येक मुलाचा हक्क. काश्कारींचे आईवडील काश्मीरचे.

——

प्रेषक: नाना
बुध, दुपारी 1:19

काश्मीर महाराष्ट्रात येत नाही.

——

प्रेषक: वकीलवहिनी
बुध, संध्याकाळी 6:40

आज दिवसभर कोर्टात होते, आता सगळं एकदम वाचलं. नियमांचा कागद काढून बघितला. नियम 3 शब्दशः असा आहे: 'महाराष्ट्रातील थोर व्यक्ती, समाजसुधारक किंवा संत.' पहिल्या स्वल्पविरामानंतर 'महाराष्ट्रातील' पुढे लागू होतं का? मी मुलीच्या बाजूनं उभी राहिले तर म्हणेन, नाही. समाजसुधारक कुठलाही चालतो.

पेज समाजसुधारक आहेत का? 1988 पासून पेज एज्युकेशन फाउंडेशन चालू आहे, नवराबायकोनं मिळून काढलेलं. गोरेतर मुलांना कॉलेजसाठी मदत मिळते, पण नुसता चेक नाही. मदत घेणाऱ्या मुलानं वर्षाला 50 तास लहान मुलांना शिकवायचं. आमच्या थोरलीला ही मदत मिळाली होती. थंडीत दोन बस बदलून ती दुसरीतल्या एका पोराला वाचायला शिकवायला जायची. पहिल्या महिन्यात तो टेबलाखालून बाहेरच येत नव्हता, म्हणून हीपण टेबलाखाली बसून वाचायची. पगारी नोकरीचं तिला आठवत नाही तेवढं ते टेबल आठवतं.

आणि नियमावर बोट ठेवून पेजना अडवणं ही काही नवी गोष्ट नाही. 1992 मध्ये ते मिनेसोटा सुप्रीम कोर्टासाठी उभे राहणार, तर गव्हर्नरनं त्या जागेवरच्या न्यायमूर्तींची मुदत वाढवली आणि निवडणूकच गायब. मतपत्रिकेवर जागा यावी म्हणून पेजनी खटला भरला, जिंकला, मग निवडणूकही जिंकली. त्या कोर्टावरचे पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती. सत्तरीची वयोमर्यादा आली तेव्हा, 2015 ला, उतरले. नाना, विचार करा, समोर कोण आहे!

वकीलवहिनी

——

प्रेषक: नाना
बुध, संध्याकाळी 7:11

तो स्वल्पविराम मी दिलेला नाही. टाइप करताना पडला. तेव्हाच्या सचिवांना विचारा.

——

प्रेषक: माजी सचिव
बुध, संध्याकाळी 7:26

माझ्यावर ढकलू नका. मी जसा कागद मिळाला तसा टाइप केला. मूळ हस्तलिखित माझ्या बेसमेंटमध्ये आहे, बर्फ वितळला की शोधतो.

——

प्रेषक: सचिव
बुध, रात्री 8:50

बर्फ एप्रिलात वितळतो. मी सध्या 'हो' धरून चालतो.

आता दुसरी अडचण. पत्रिकेत प्रत्येक नावापुढे एक ओळ असते. मी लिहिलं: 'ॲलन पेज: डिफेन्सिव्ह टॅकल ते न्यायमूर्ती' (डिफेन्सिव्ह टॅकल म्हणजे मैदानातली त्यांची जागा). ताईंनी परत पाठवलं, भाषा दिनाच्या पत्रिकेत हे इंग्रजी कशाला म्हणून. मराठी शब्द सुचवा. उद्या दहापर्यंत.

——

प्रेषक: खजिनदार
बुध, रात्री 8:58

बचावपटू. अक्षरं पण कमी.

——

प्रेषक: अण्णा (ब्लूमिंग्टन)
बुध, रात्री 9:20

बचावपटू म्हणजे चहापानापर्यंत बॅट-पॅड जोडून ठुकठुक करणारा. पेज तसला नव्हता हो. सहा फूट चार इंच, 245 पौंड, आणि चेंडू हलला की समोरचा गार्ड मान वर करेपर्यंत हा त्याच्या बगलेतून पलीकडे गेलेला असायचा. चेंडू फेकणाऱ्या क्वार्टरबॅकला उचलून आपटायचा. त्यालाच 'सॅक' म्हणतात. त्या काळी सॅक अधिकृतपणे मोजतही नव्हते, मोजायला लागले 1982 पासून. पेज निवृत्त झाला 1981 ला! त्याची करामत अधिकृत वहीत नाहीच.

तरी 1971 मध्ये लीगमधला सर्वोत्तम खेळाडू म्हणून त्यालाच निवडलं. बचावाच्या बाजूच्या कुणाला हा मान तोवर मिळाला नव्हता. त्यानंतर आजवर एकालाच मिळालाय, 1986 मध्ये लॉरेन्स टेलरला. एरवी बक्षीस क्वार्टरबॅकच्या घरी. आमच्याकडे गणपतीत आरतीचं ताट नेहमी एकाच घरी जायचं, तसं.

चार सुपर बोल, म्हणजे लीगच्या फायनल, खेळला, चारही हरला. ते मात्र पत्रिकेत नको.

——

प्रेषक: बापू (बर्न्सव्हिल)
बुध, रात्री 11:34

मी मेल फारशी लिहीत नाही. शब्द शोधायला एवढे लांब कशाला जाता? आपल्या कबड्डीत आहे की.

समोरची फळी चौघांची. दोन कडेला, दोन मधे. कडेचे कोपरारक्षक, मधले मध्यरक्षक. मार्शल उजवा कोपरा, एलर डावा कोपरा. लार्सन डावा मध्यरक्षक, पेज उजवा मध्यरक्षक. मी नऊ वर्षं लालबागला डावा कोपरा खेळलोय, चवडा धरायचो, त्यामुळे एलर माझा माणूस.

बापू

——

प्रेषक: अण्णा (ब्लूमिंग्टन)
गुरु, 20 फेब्रुवारी, सकाळी 6:48

बापू, वा! पण एक शंका. कबड्डीतला मध्यरक्षक आपल्या अंगणात थांबून पकड करतो. पेज तर समोरच्याच्या अंगणात घुसायचा.

——

प्रेषक: बापू (बर्न्सव्हिल)
गुरु, सकाळी 6:55

चांगला मध्यरक्षक थांबत नसतो अण्णा. चढाईवाल्याचा पाय उचलायच्या आत त्याच्या छातीवर जातो. तुम्ही कबड्डी टीव्हीवर पाहिलीत.

——

प्रेषक: लेकीची आई (साउथ मिनियापोलिस)
गुरु, दुपारी 4:10

सर्वांना नमस्कार. तीन दिवस वाचतेय. लेकीला काही कळवलेलं नाही, ती रोज आरशासमोर तयारी करतेय. तिनं स्वतः लिहिलेला भाग पाठवते. मी हात लावलेला नाही:

'ॲलन पेज ओहायोच्या कँटन गावात जन्मले. ते शाळेत होते तेव्हा तिथे फुटबॉलचं हॉल ऑफ फेम बांधत होते. त्यांनी तिथे बांधकामाचं काम केलं. मग 1988 मध्ये त्याच इमारतीत त्यांचा पुतळा ठेवला. तेव्हा त्यांची ओळख करून द्यायला त्यांनी कोच नाही बोलावले. त्यांनी मिनियापोलिसच्या नॉर्थ हायस्कूलच्या मुख्याध्यापक बाईंना बोलावलं. कारण एकदा टीमच्या मीटिंगमध्ये सगळ्यांना पुस्तकातून मोठ्यांदा वाचायचं होतं आणि काही खेळाडूंना वाचता येतच नव्हतं. ते कॉलेजात जाऊन आलेले होते तरी. ते पेजना विसरता नाही आलं. पेज खेळता खेळता वकिलीचं शिकले आणि 1978 ला पास झाले. त्याच वर्षी टीमनं त्यांना काढलं, म्हणाले तुमचं वजन कमी झालं. ते शिकागोला जाऊन आणखी तीन वर्षं खेळले. आधी ते माणसं पाडत होते. मग ते कोर्टात गेले आणि माणसं पाडायची थांबली.'

तिला एवढंच विचारायचंय की सुरुवातीचा नमस्कार चार मिनिटांत धरतात का.

——

प्रेषक: नाना
गुरु, संध्याकाळी 5:37

'माणसं पाडायची थांबली' नव्हे, 'माणसं पाडायचे थांबले'. 'कोच नाही बोलावले' हे हिंदी वळण. 'प्रशिक्षकांना बोलावलं नाही' म्हणावं. 'विसरता नाही आलं' तेही तसंच, 'विसरता आलं नाही' करा. बाकी वाक्यं तिचीच ठेवा.

नमस्कार वेळेत धरत नाहीत. माझ्या नियम 5 मध्ये स्पष्ट आहे.

पाहिजे असल्यास शनिवारी शाळेनंतर अर्धा तास मी उच्चार घेईन. 'न्यायमूर्ती'तला रफार मुलं खातात. आणि नियम 3 मधला तो स्वल्पविराम पुढच्या बैठकीत मी काढणार आहे, हे आत्ताच नोंदवून ठेवा.

नाना

——

प्रेषक: ताई (मराठी शाळा)
गुरु, संध्याकाळी 5:45

नाना, शेवटचं वाक्य तसंच राहू दे ना. हशा तिथेच येणार आहे.

——

प्रेषक: नाना
गुरु, संध्याकाळी 5:52

हशा शुद्ध मराठीतही येतो.

——

प्रेषक: सचिव
गुरु, रात्री 9:41

पत्रिका गेली. अकरावी ओळ: 'ॲलन पेज: मध्यरक्षक ते न्यायमूर्ती'. आता बदल नाही. ट्रॉफ्या अकरा.

——

प्रेषक: बापू (बर्न्सव्हिल)
गुरु, रात्री 9:44

'उजवा' राहिलं.