मित्र तारा (अल्फा सेंटॉरी) जोडतारा आहे का? देवगडहून दिसला!

काल साडेदहाला किनाऱ्यावरून दक्षिणेला अगदी खाली, समुद्राच्या जरा वर एक ठळक पिवळसर तारा दिसला, उजवीकडे अजून एक निळसर. अ‍ॅपमध्ये मित्र आणि मित्रक असं आलं. पण हा मित्र तारा म्हणजे खरं तर दोन तारे आहेत म्हणे, मला तर एकच दिसला?

उत्तर १
बरोबर बघितलंस! डोळ्यांना एकच दिसणार, दोघं खूप जवळ आहेत, बायनॉक्युलरनेही सुटत नाहीत, पण ६०-७० मिमीची छोटी दुर्बीण लाव, हवा शांत असेल तर मस्त वेगळे होतात. एक जवळपास आपल्या सूर्यासारखाच, दुसरा थोडा लहान आणि नारिंगी. साधारण ८० वर्षांत एकमेकांभोवती एक फेरी. अंतर ४.३७ प्रकाशवर्षं फक्त!

उत्तर २
आणि हा जोडतारा आहे हे पहिल्यांदा कळलं ते आपल्याच देशात, १६८९ मध्ये पुदुचेरीत, रिशो नावाचे फ्रेंच पाद्री धूमकेतू बघत होते तेव्हा. मला हे वाचून अंगावर काटा आला होता.

प्रश्नकर्ता
बापरे! मग सगळ्यात जवळचा तारा हाच ना?

उत्तर १
नाही, तो यांचाच तिसरा भाऊ, प्रॉक्झिमा, ४.२४ प्रकाशवर्षं. फार मंद, नुसत्या डोळ्यांनी नाही दिसत. पाऊस सुरू व्हायच्या आत दुर्बीण मिळव कुठूनतरी.