मदत हवी आहे: लेखनिकांच्या गुप्त संघासाठी भाषा बनवतेय, क्रियापदावर गाडी अडलीये

शाईचा_डाग

नमस्कार मंडळी, बडोद्याहून लिहितेय. माझी एक फँटसी कादंबरी चाललीये, मराठीतच, आणि त्यात मषीधर नावाचा लेखनिकांचा गुप्त संघ आहे. राज्यातले तह, वतनपत्रं, वंशावळी सगळं हेच लोक नकलून ठेवतात आणि आपापसात एक भाषा वापरतात जी कुणी बोलत नाही, फक्त लिहितात. लिपीचं टेन्शन नाही, ती झालीये, मोडीसारखी आधी पानभर रेघ ओढायची आणि मग बोरू शक्यतो न उचलता लिहीत सुटायचं, शब्दांमध्ये जागा नाही, इकार-उकारात ऱ्हस्व-दीर्घ नाही. भाषेवर अडलंय.

पहिला वैताग म्हणजे जे काही "वेगळं" म्हणून घालायला जावं ते घरचंच निघतं. तीन लिंगं घातली, तर ती मराठीत आहेत आणि गुजरातीतही आहेत (आमचं घर मराठी, बाजार आणि शाळा गुजराती, त्यामुळे डोक्यात दोन्हीची खिचडी). भूतकाळात क्रियापद कर्त्याला सोडून कर्माच्या मागे जातं असा नियम काढला आणि जाम खूश झाले, मग बघते तर 'मी चिठ्ठी लिहिली' आणि 'में चिठ्ठी लखी', दोन्हीत तेच तर चाललंय की! संघातले आम्ही वेगळे आणि समोरच्याला धरून आपण वेगळे, असे दोन शब्द केले, तर ते आम्ही-आपण आणि अमे-आपणे. हिंदीवाल्यांना तरी नवीन वाटलं असतं, मराठी वाचकाला काय वाटणार, कप्पाळ.

मग एक गोष्ट सापडली जी मनापासून आवडलीये. तुर्की भाषेत भूतकाळाचे दोन प्रत्यय आहेत, 'गेल्दी' म्हणजे आला, सरळ माहितीवरून, आणि 'गेल्मिश' म्हणजे आला म्हणे, ऐकीव किंवा अंदाजाने. आपण 'म्हणे' लावलं तर लावलं नाहीतर नाही, तिथे ते क्रियापदातच बसलंय. लेखनिकांना याहून फिट काय असणार? म्हणून मी तीन प्रत्यय केले. 'राजाने गाव दिलं' हे मूळ दस्त समोर ठेवून लिहिलं तर 'सोर इमा कालेन', नकलेवरून लिहिलं तर 'कालोश', कुणी तोंडी सांगितलं तर 'कालुम'.

आता खरी अडचण. एकाने मूळ बघून 'कालेन' लिहिलं, दुसरा त्याची नक्कल करतोय, त्याने 'कालेन' तसंच ठेवलं तर तो खोटं बोलतोय कारण त्याने मूळ पाहिलेलंच नाही, आणि 'कालोश' केलं तर मजकूर बदलला, आणि मषीधरांची शपथच आहे की काना-मात्रा बदलायची नाही. बरं एकदा 'कालोश' झालं की पुढे कायम 'कालोश', म्हणजे दुसरी नक्कल आणि विसावी नक्कल सारखीच. माझा अख्खा क्लायमॅक्स एका बनावट वतनपत्रावर आहे आणि नायिकेने ते क्रियापदावरूनच पकडायचंय. कसं बसवू? आणि वाचकाला ग्रामरचा तास न घेता हे कळणार कसं?

बोरूबहाद्दर

ताई, मजकुराला हात लावूच नका, शेवटी पुष्पिका टाका, म्हणजे नकलकाराची स्वतःची समारोपाची ओळ. जुन्या पोथ्यांचे लेखनिक हेच करायचे. 'यादृशं पुस्तकं दृष्ट्वा तादृशं लिखितं मया, यदि शुद्धमशुद्धं वा मम दोषो न दीयते', जसं पाहिलं तसं उतरवलं, चूक निघाली तर मला बोल लावू नका. शेकड्यांनी पोथ्यांच्या शेवटी हा श्लोक सापडतो. तेव्हा मजकुरातलं 'कालेन' हा पहिल्या लेखनिकाचा शब्द, आणि खाली प्रत्येक नकलकाराने आपापली एक ओळ वाढवायची, तिथलं क्रियापद त्याचं स्वतःचं. विसाव्या नकलेखाली अशा ओळींची रांगच लागेल.

आणि बडोद्यात राहून हे इथे विचारताय? तुमच्या प्राच्यविद्या मंदिरानेच वाल्मीकी रामायणाची चिकित्सक आवृत्ती काढली, १९६० ते १९७५, सात खंड. अशा कामात हस्तलिखितं शेजारी ठेवून बघतात की कुठली चूक कुणाकुणात आहे, कारण एका नकलेत शिरलेली चूक तिच्या पुढच्या नकलांमध्ये उतरत जाते आणि त्यावरून पोथ्यांची घराणी लागतात. बाकी तुम्ही सुज्ञ आहात.

रावपुरा_रिटर्न्स

गुप्तच ठेवायचं तर वेगळी भाषा हवीच कशाला, हा माझा आगाऊ प्रश्न. महानुभावांनी सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्या केल्या, पण आतली भाषा साधी मराठी, आणि तरी राजवाड्यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला उलगडा करेपर्यंत बाहेरच्यांना त्या पोथ्या वाचता येत नव्हत्या. भाषाच हवी असेल तर बलैबलान बघा, ऑटोमन काळात सूफींच्या वर्तुळात घडवलेली, व्याकरण अरबी-फारसी-तुर्कीच्या वळणाचं. म्हणजे घरच्या भाषांचा वास त्यांच्याही भाषेला होताच, तुम्ही कशाला एवढं मनाला लावून घेताय. आणि जर्मनीतल्या हिल्डेगार्ड नावाच्या मठाध्यक्षेने बाराव्या शतकात सुमारे हजार शब्द बनवले, जवळजवळ सगळी नामं, ती लॅटिन वाक्यात पेरायची. क्रियापदाच्या भानगडीत बाई पडल्याच नाहीत, सुखी होत्या.

शाईचा_डाग

बोरूबहाद्दर, दंडवत! बसलं. बनावट करणाऱ्याने पुष्पिकेत छातीठोकपणे -एन लावलंय, म्हणजे दावा असा की मूळ माझ्यासमोर होतं, पण मजकुरात एक चूक आहे जी चौथ्या नकलेत पहिल्यांदा शिरली. मूळ पाहिलं असतं तर ती आलीच नसती. आता फक्त ती चूक कुठली घेऊ ते सांगा, वाचकाला झटकन कळेल अशी. आणि ग्रामरच्या तासाचं राहिलंच.

बोरूबहाद्दर

तासाचं सोपं आहे. दुसऱ्या-तिसऱ्या प्रकरणात एखाद्या नवख्या पोराने न पाहिलेल्या दस्ताला -एन लावलं म्हणून त्याचा बोरू काढून घ्या, वाचक जन्मात विसरणार नाही. चुकीसाठी ओळ गाळा. दोन ओळी एकाच शब्दाने संपत असल्या की नकलणाऱ्याची नजर वरच्या ओळीवरून थेट खालच्या ओळीच्या शेवटी उडी मारते आणि मधला मजकूर गायब. वतनपत्रात तर 'गाव दिलं', 'गाव दिलं' असंच चाललेलं असतं, एक गाव सहज गळेल.

रावपुरा_रिटर्न्स

किंवा लिपीतल्या मात्राच काढून टाका, व्यापाऱ्यांच्या महाजनीसारख्या. 'काकाजी अजमेर गये' लिहिलं आणि घरच्यांनी 'काकाजी आज मर गये' वाचून रडारड केली, हा किस्सा माहीत असेलच.

शाईचा_डाग

रावपुरा, तो नको, मग नायिकेलाच वाचता येणार नाही! ओळ गाळते. गळलेलं गाव नायिकेच्या आजोळचं ठेवते, म्हणजे तिला शोधत बसायला नको. प्रकरण लिहून झालं की इथेच टाकते, दोघांनी -एन, -ओश तपासून द्या प्लीज.