आजीला शेकडो ओव्या येतात, पण खुर्चीत बसवलं की आठवत नाहीत

मुळशीकरीण:
आजी ८४ वर्षांची, शाळेचं तोंड न पाहिलेली. दिवाळीत मोबाईल समोर ठेवून म्हटलं, जात्यावरच्या ओव्या म्हण. चार झाल्या आणि थांबली. "आता नाही गं आठवत." फार उशीर केला असं वाटून मला रडूच आलं.

आईचं वेगळंच. ती सातवी शिकलेली, लग्नानंतर तिने सासूच्या ओव्या वहीत उतरवल्या. वही हातात असली तर खणखणीत म्हणते, नसली की दुसऱ्या ओळीला अडते. त्यात वहीतल्या ओव्या आजीच्या म्हणण्याशी जुळत नाहीत. खऱ्या कोणत्या धरायच्या?

घाटमाथा:
घरात जातं असेल तर आजीला जात्यावर बसवा. माझ्या आत्याला खुंटा हातात आल्याशिवाय एक ओवी सुचत नाही. आणि एकटीला नको, समोर दुसरी बाई हवी. एकीची संपते तिथून दुसरी उचलते. आमच्या गावात गिरणी आली आणि दळणाबरोबर गाणंही उठलं.

जुनी_पानं:
हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ या अभ्यासकांनी गावोगावच्या बायकांकडून एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. 'पारी' (पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया) या ग्रामीण भारताच्या संग्रहाच्या संकेतस्थळावर त्या गाणारीच्या आणि गावाच्या नावासकट आहेत. तुम्हीही तेवढं जरूर लिहा. बहिणाबाई चौधरींना लिहिता येत नव्हतं. घरच्यांनी उतरवून ठेवलं म्हणूनच त्यांची गाणी आपल्यापर्यंत आली. तेव्हा आईच्या वहीला कमी लेखू नका. ओवीची दोन्ही रूपं लिहा, तारीख घाला.

मुळशीकरीण:
काल गोठ्यामागचं जातं काढलं. टाकी लावायची, म्हणजे दगड टाचून खडबडीत करायचे राहिलेत, तरी तांदूळ भरडले गेले. समोर चुलतआजी बसली. पहिला घास घातला, जातं दोनदा घरघरलं आणि आजी सुरूच झाली, मान खाली, डोळे अर्धे मिटलेले. पाऊण तासात ३१ ओव्या! मध्ये चुलतआजीने तिची एक ओळ उचलून पुढे नेली, तर आजी हसून म्हणाली, "ही माझ्या माहेरची."

रात्री वही वाचून दाखवली. म्हटलं, इथे भावाचं नाव आहे, तू आज नातवाचं घातलंस. आजी म्हणाली, "तेव्हा भाऊ न्यायला यायचा होता. आज नातू यायचाय."

वहीत दोन्ही नावं लिहिली, तारखेसकट.