मदत हवी आहे: डेरिक बेल यांची 'वर्णभेद कायमचा आहे' ही मांडणी कायद्याच्या विद्यार्थ्यांसमोर कशी ठेवावी?

नमस्कार मंडळी,

लातूरला कायद्याच्या मुलामुलींसोबत आमचा वाचनगट चालतो. बरीचशी मुलं घराण्यातले पहिले वकील होणारी. फुले, आंबेडकर वाचताना अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या कोर्टातल्या लढाईचा विषय निघाला, म्हणून मी डेरिक बेल सुचवले. पुढचं सत्र मला घ्यायचंय आणि एका प्रश्नावर तुमची मदत हवी आहे.

ज्यांना नाव नवीन आहे त्यांच्यासाठी: बेल (1930–2011) मूळचे पिट्सबर्गचे. सुरुवातीला सरकारी न्याय खात्यात वकील होते. एनएएसीपी या कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या संघटनेचं सभासदत्व सोडा असं वरून सांगण्यात आलं, तेव्हा त्यांनी नोकरी सोडली. मग एनएएसीपीच्या कायदेशीर लढाया चालवणारे वकील थरगुड मार्शल यांच्या हाताखाली दक्षिणेतल्या शाळांमधला वर्णभेद मोडण्यासाठीचे 300हून अधिक दावे त्यांनी सांभाळले. 1971मध्ये हार्वर्डच्या कायदा शाखेत कायमपद मिळवणारे ते पहिले कृष्णवर्णीय प्राध्यापक झाले. आणि तिथे एकाही कृष्णवर्णीय स्त्रीला कायमपद नाही, म्हणून 1990मध्ये बिनपगारी रजेवर गेले ते परत आलेच नाहीत.

या माणसाने कायद्याची जाडजूड पाठ्यपुस्तकं लिहिली, तशाच गोष्टीही लिहिल्या. 1992च्या 'फेसेस अ‍ॅट द बॉटम ऑफ द वेल'मधली 'स्पेस ट्रेडर्स' ही गोष्ट मी मुलांना आधी सांगितली. 1 जानेवारी 2000ला परग्रहावरचे व्यापारी अमेरिकेच्या किनाऱ्यावर उतरतात. कर्ज फेडण्यापुरतं सोनं देऊ, प्रदूषण साफ करणारी रसायनं देऊ, सुरक्षित अणुऊर्जा देऊ, म्हणतात. बदल्यात देशातले सगळे कृष्णवर्णीय आमच्या स्वाधीन करा. चर्चा होतात, घटनादुरुस्ती येते, सार्वमत होतं आणि 70 विरुद्ध 30 टक्क्यांनी सौदा मंजूर होतो. सगळं कायदेशीर! माणसांना जहाजांत भरण्याचा दिवस मार्टिन ल्यूथर किंग यांच्या जयंतीच्या सुट्टीचा.

वर्गात बराच वेळ कुणी बोललं नाही. मग एका मुलीने विचारलं, "मॅडम, वर्णभेद जाणारच नाही असं हेच म्हणतात, तर मग केस लढायची कशाला?"

मी त्यांचा 1980चा लेख सांगून पाहिला. शाळांमधला वर्णभेद घटनाबाह्य ठरवणारा 1954चा ब्राऊन खटल्याचा निकाल गोऱ्यांना अचानक न्यायबुद्धी सुचली म्हणून लागला नाही, असं बेल त्यात म्हणतात. शीतयुद्धात जगापुढे अमेरिकेची अब्रू जात होती, महायुद्धातून परतलेले कृष्णवर्णीय सैनिक अस्वस्थ होते, दक्षिणेत कारखानदारी वाढायला वर्णभेद आड येत होता. वरच्यांचं हित आणि खालच्यांचा हक्क जोवर जुळतात, तोवरच कोर्ट पुढे सरकतं. मुलांना हे पटलं, पण त्या मुलीचा प्रश्न आणखी जड झाला.

तर विचारायचं असं. बेल यांच्या लिखाणात या प्रश्नाचं उत्तर कुठे सापडतं? गोष्ट आधी आणि निकालपत्र नंतर हा क्रम ठीक आहे का? आणि याच्या जोडीला मराठीतलं काय वाचायला द्यावं? मुलांना खोटी आशा द्यायची नाही, पण हात टेकूनही पाठवायचं नाही.

प्रतिसाद १

क्रम तोच ठेवा. गोष्टीने मुलं हलली आहेत, आता निकालपत्रं वेगळ्या डोळ्यांनी वाचतील.

मी वकिली करतो, म्हणून माझं मत थोडं वेगळं. त्या मुलीला 1976चा 'सर्व्हिंग टू मास्टर्स' हा लेख द्या. त्यात बेल स्वतःच्याच बाजूच्या वकिलांची उलटतपासणी घेतात. वकिलांना गोऱ्या आणि कृष्णवर्णीय मुलांच्या शाळा एकत्र करायच्या होत्या, आईबापांना पोरांचं शिक्षण सुधारायला हवं होतं, आणि या दोन मागण्या दरवेळी एकच नसतात. मिसिसिपीतल्या हार्मनी या वस्तीत लोकांना आपली बंद पडलेली शाळा पुन्हा सुरू करून हवी होती. बेल यांनी त्यांना एकत्रीकरणाच्या दाव्याकडे वळवलं. पुढे कित्येक वर्षांनी त्यांनी तिथल्या लढ्यातल्या विन्सन हडसन यांच्याजवळ मन मोकळं केलं, की माझा सल्ला बरोबर होता का कोण जाणे. हडसनबाईंनाही तीच शंका येऊन गेली होती. पण त्या डगमगल्या नव्हत्या.

केस कशाला लढायची, याला माझं उत्तर हेच: लढायचीच, पण अशिलाला काय हवंय ते आधी नीट ऐकून. निकाल लागला म्हणजे काम संपलं असं मानणाऱ्या वकिलाला बेल जागं करतात.

प्रतिसाद २

'फेसेस अ‍ॅट द बॉटम ऑफ द वेल'मधलीच अफ्रोलांटिकाची गोष्ट वाचा, तुमचं उत्तर तिथे आहे. अटलांटिक समुद्रातून एक नवी भूमी वर येते. तिथे फक्त कृष्णवर्णीय अमेरिकनांनाच श्वास घेता येतो. जावं की न जावं यावर बराच काळ वाद होतात, शेवटी हजारो लोक जहाजांनी निघतात आणि त्यांच्या डोळ्यांदेखत ती भूमी बुडते. तरी परतणारे खचलेले नसतात. एकत्र येऊन तयारी करताना त्यांना स्वतःचं जे बळ सापडलं, ते बुडालेलं नसतं.

मराठीतलं म्हणाल तर 'गुलामगिरी'च घ्या. 1873चं पुस्तक, अमेरिकेतली गुलामी संपवणाऱ्या तिथल्या लोकांना अर्पण केलेलं. आणि रचना पाहा: जोतीराव आणि धोंडीबा यांचा संवाद. बेलही जिनिव्हा क्रेनशॉ नावाची एक काल्पनिक वकीलबाई उभी करतात आणि तिच्याशी वाद घालत मांडणी करतात. बेल यांनी फुले वाचले होते असा माझा दावा नाही. पण ज्याला पुराव्याने पटत नाही त्याच्याशी संवादातून बोलावं, हे दोघांनाही सुचलं, आणि तुमच्या मुलांना ती पद्धत घरची वाटेल. धोंडीबा शंका काढतो म्हणून तर ते पुस्तक पुढे सरकतं. त्या मुलीलाही सत्रात तसंच विचारू द्या.

मूळ धागालेखिका

दोघांचेही मनापासून आभार. अफ्रोलांटिका मी वाचली होती, पण त्या प्रश्नाशी जोडून पाहिली नव्हती. आता असं ठरवतेय: आधी 'गुलामगिरी'चा एखादा संवाद मोठ्याने वाचायचा, मग अफ्रोलांटिका, आणि शेवटी हार्मनीचं प्रकरण. प्रश्न विचारणाऱ्या मुलीलाच हडसनबाईंची बाजू मांडायला सांगणार आहे, दुसरा कुणी बेल यांची मांडेल.

वकीलसाहेब, एक विनंती. 1976चा लेख लांब आहे आणि मुलांचं इंग्रजी बेताचं. त्यातला अशील आणि वकील यांच्यातल्या ओढाताणीचा भाग तुम्ही आमच्या गटाला ऑनलाइन समजावून सांगाल का? रविवारी संध्याकाळी आम्ही बसतो. जमणार असेल तर व्यक्तिगत निरोप करा.