आचार्य अत्रे आमदार झाले तेव्हा त्यांनी 'मराठा' दैनिकाचं संपादकपद सोडायला हवं होतं का?

गिरणगावकर:
आजोबांच्या ट्रंकेत 'मराठा'ची कात्रणं सापडली. घडीवर फाटलेली, हात लावला की कडा झडतात. एका अग्रलेखाच्या समासात आजोबांनी पेन्सिलीनं लिहिलंय, "हाणला!" वाचताना मी पोट धरून हसलो. रात्री मात्र खटकायला लागलं.

अत्र्यांनी 'मराठा' सुरू केला १५ नोव्हेंबर १९५६ला, संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात. १९५७ला ते संयुक्त महाराष्ट्र समितीकडून मुंबईतून आमदार झाले आणि संपादकही राहिले. म्हणजे सभा गाजवणारे तेच आणि दुसऱ्या दिवशी त्या सभेची बातमी छापणारेही तेच. आज एखादा संपादक पक्षात गेला की आपण बोंब ठोकतो. अत्र्यांना सूट का?

कऱ्हाकाठ:
सूट नाही, तो काळ बघा. नोव्हेंबर १९५५ आणि जानेवारी १९५६चा मुंबईतला गोळीबार आठवा. माणसं रस्त्यावर मरत होती आणि मुंबईतले काँग्रेस नेते स. का. पाटील म्हणत होते की पाच हजार वर्षांतही मुंबई महाराष्ट्राला मिळणार नाही. अशा वेळी तराजू घेऊन कोण बसतं? आणि आपल्याकडे ही परंपराच आहे. टिळकांचा 'केसरी', बाबासाहेबांचा 'मूकनायक'. चळवळ आणि छापखाना एकाच घरात नांदले.

आजच्या लोकांशी तुलना तर नकोच. ते वीस वर्षं निःपक्ष म्हणून मिरवतात आणि मग तिकीट घेतात. अत्र्यांनी काही लपवलं होतं का?

सरळसोट:
टिळकांसमोर इंग्रज होते, अत्र्यांसमोर आपणच निवडलेलं सरकार. हा फरक गिळू नका. अत्र्यांच्या लेखी गोळीबाराच्या वेळचे मुख्यमंत्री मोरारजी देसाई 'नरराक्षस', पाटील 'सदोबा'. गंमत येते, मान्य. पण आमदाराला प्रश्न विचारायला सभागृह असतं. ते असताना रोज सकाळी घरोघरी शिव्या पोचवायच्या, याला पत्रकारिता म्हणायचं?

शिवाय हा कित्ता पुढे गिरवला गेला. १९६०ला बाळासाहेब ठाकऱ्यांचं 'मार्मिक' आलं, १९६६ला त्यांची शिवसेना. आधी साप्ताहिक, मग संघटना. त्याच 'मार्मिक'नं अत्र्यांनाही सोडलं नाही, हा काव्यगत न्याय!

कऱ्हाकाठ:
सभागृहाचंच म्हणताय ना? १९६०ला राज्याचं नाव 'मुंबई' ठेवायचं घाटत होतं. 'महाराष्ट्र'च हवं म्हणून विधानसभेत भांडणाऱ्यांत अत्रे होते. नुसता संपादक काठावरून ओरडला असता.

आणि 'मराठा' हे समितीचं मुखपत्रच होतं म्हणाल तर एक सांगा. नोव्हेंबर १९५७ला प्रतापगडावर शिवरायांच्या पुतळ्याच्या अनावरणाला नेहरू आले, तेव्हा समितीनं वाटेत काळी निशाणं दाखवली. त्याच नेहरूंवर १९६४ला ते गेल्यावर अत्र्यांनी 'मराठा'त लेखांमागून लेख लिहिले, त्यांचं पुढे 'सूर्यास्त' हे पुस्तक झालं. कुठलं मुखपत्र असं करतं?

गिरणगावकर:
मृत्युलेखावरून कस लागत नाही, दादा. गेलेल्या माणसाबद्दल आपल्याकडे सगळेच हळवे होतात, आणि अत्रे तर मृत्युलेखांचे बादशहा. मुंबई मिळाल्यावर, समितीत फाटाफूट झाल्यावर आपल्याच माणसांबद्दल काय छापलं, तिथे कस लागतो. माझ्या हातातली कात्रणं तरी लढ्याच्या दिवसांतलीच आहेत, त्यामुळे यावर जास्त ताणत नाही. नावाच्या मुद्द्यावर मात्र तुमचं बरोबर. तिथे आमदारकी कामी आली.

चिवडागल्ली:
तुम्ही सगळेच अत्र्यांना वर्तमानपत्रवाले समजून भांडताय. त्याआधी ते हेडमास्तर होते, 'झेंडूची फुलं' लिहिणारे विडंबनकार होते, नाटकवाले होते. त्यांच्या 'श्यामची आई' चित्रपटाला पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं, मग 'मराठा' आला. त्या माणसाला रंगमंच लागायचा. अग्रलेख हाही रंगमंचच. राजीनामा देऊन तो विंगेत उभा राहिला असता, असं खरंच वाटतं तुम्हाला?

सरळसोट:
म्हणजे स्वभावाला औषध नाही, असंच ना? हा बचाव झाला का!

लालबागची लेक:
माझे वडील गिरणीत होते. आमच्या चाळीत 'मराठा'चा एकच अंक यायचा. पहिल्या मजल्यावरचे मास्तर कठड्याला टेकून मोठ्यानं वाचायचे आणि खाली पाळीवरून आलेली माणसं डबा हातात धरून उभी राहायची. बातमी काय, असं कुणी विचारायचंच नाही. "आज साहेबांनी कुणाला धुतला?" एवढंच. लढा आपला आहे असं त्यांना त्या कठड्याखाली वाटायचं. संपादकपद सोडा न् धरा, त्यांना काय त्याचं?

गिरणगावकर:
ताई, चित्र अगदी डोळ्यांसमोर आलं. आमचे आजोबाही त्याच घोळक्यातले. पण 'बातमी काय' हे कुणी विचारायचंच नाही, माझी अडचण नेमकी तीच आहे.